एकशे सदतीस नंबरचे खूर

मी, लायोनेल ऑगस्टस थर्लो, निवृत्त मेजर जनरल, वय वर्षे सहासष्ट, राहणार 'पिशीन' नावाचे घर, व्हिटक्लिफ रस्ता, लडलो, परगणा श्रॉपशर, हे मृत्युपत्र माझ्या स्वतःच्या हाताने, भर दुपारी आणि चहाखेरीज दुसरे काही न पिता लिहून ठेवीत आहे. माझी अक्कल ठिकाणावर आहे. माझ्यावर कोणाचा दबाव नाही. दबाव आणण्याचा प्रयत्न गेल्या रविवारी जेवणाच्या टेबलावर झाला, त्याची हकिगत पुढे येईलच. सही करण्याआधी डॉक्टर मेरिक यांनी माझा ताप पाहावा आणि जो आकडा निघेल तो स्वतःच्या हाताने या कागदावर लिहावा, अशी माझी अट आहे. डॉक्टर हसले. त्यांनी हा कागद शेवटपर्यंत वाचावा, मग हसू येते का ते पाहावे.

सन १९१२ साली, नोकरीतून मोकळा झालो तेव्हा, केलेले मृत्युपत्र मी याद्वारे रद्द करतो. माझी पत्नी कॉन्स्टन्स वारली, आम्हाला मूलबाळ नाही. या मृत्युपत्राची अंमलबजावणी माझे वकील बोडनहॅम यांनी एकट्याने करावी. पूर्वी यात माझा पुतण्या मेजर रूपर्ट थर्लो याचेही नाव होते, ते मी काढले आहे.

कलम पहिले. माझी अंत्ययात्रा साधी असावी. घोडदळाच्या सेनापतीमागे रिकामा घोडा चालवतात आणि रिकिबीत त्याचे बूट उलटे अडकवतात, ते माझ्या बाबतीत करू नये. मला चर्चपर्यंत माणसांनी चालत न्यावे. रिकाम्या घोड्याचा मान ज्याला द्यायला हवा होता तो माणूस मी नव्हे.

कलम दुसरे. 'पिशीन' हे घर, बागेसह, रूपर्टला मिळावे. मी त्याच्यावर रागावलेलो नाही. म्हणजे रागावलो आहे, पण घर काढून घेण्याइतका नाही. मात्र माझी स्वयंपाकीण मिसेस प्यू हिला तिच्या हयातीपर्यंत मागच्या दोन खोल्यांत राहण्याचा हक्क राहील. तांब्याची भांडी तिची, दिवाणखान्यातले घड्याळही तिचेच. त्याला किल्ली देण्याचे काम तेवीस वर्षे तिनेच केले आहे. सन १९०९ साली मी रजेवर घरी आलो असताना आंब्याच्या लोणच्याला बुरशी आली म्हणून मी तिला पाहुण्यांदेखत बोललो होतो. बरणी उघडी मीच ठेवली होती. हे मी तेव्हाही जाणून होतो, आणि ही माझी जुनी खोड आहे हे वाचणाऱ्याच्या लवकरच ध्यानात येईल.

कलम तिसरे. शेजारचे कर्नल ब्लाउंट यांना माझी शिडी मिळावी. ती गेली सहा वर्षे त्यांच्याकडेच आहे, आता कागदोपत्री त्यांची होईल. त्यांच्या कुंपणाच्या झाडांबद्दलचे माझे मत बदललेले नाही.

कलम चौथे. माझी तलवार, दोन्ही खोगिरे आणि पदके रूपर्टला द्यावीत. पदकांबद्दल मात्र चार शब्द लिहिणे भाग आहे. पंचविसाव्या वर्षी, सन १८८० च्या एप्रिलात, पिशीनच्या खोऱ्यात मी एक दौड केली आणि तिची बातमी वरपर्यंत गेली. त्या दौडीवर मी कॅप्टन झालो. पुढे ब्रह्मदेश, तिराह, चीन, आणि शेवटी सबंध घोडदळाचा निरीक्षक. मी वाईट सेनापती नव्हतो. माझ्या घोड्यांच्या पाठी सोलवटत नसत, माझे सवार उपाशी झोपत नसत, आणि मोहिमेत मी पुढे असे. पण पाया कच्चा आहे हे घरमालकाला माहीत असले की वरच्या मजल्यावर त्याला झोप लागत नाही. तशी बत्तीस वर्षे मी नोकरी केली.

कलम पाचवे. डंपलिंग नावाचे माझे म्हातारे तट्टू विकू नये. ते चालेनासे झाले की माझा मोतद्दार इव्हान प्रीस याने त्याच्या तोंडाला ओटची पिशवी बांधून, आमच्याच कुरणात, स्वतःच्या हाताने गोळी घालावी. दुसऱ्या कोणी हात लावू नये. तबेला, त्यावरची खोली आणि कुरण हे प्रीसच्या मालकीचे व्हावे. प्रीसला मिळकत मिळत असल्यामुळे त्याला या कागदावर साक्षीदार होता येत नाही, असा कायदा आहे. नाहीतर पहिली सही त्याचीच घेतली असती.

प्रीस एकोणीस वर्षे माझ्याकडे आहे. मध्ये सतरा दिवस नव्हता. ते सतरा दिवस मी त्याला का हाकलले, हे सांगितल्याशिवाय पुढचे कलम समजणार नाही.

माझ्या लिहिण्याच्या टेबलावर एक दौत असे. घोड्याच्या खुराची, वर चांदीचे झाकण. लाडका घोडा मेला की त्याच्या खुराची दौत करून ठेवायची, ही आम्हा घोडदळवाल्यांची रीत. झाकणावर कोरलेले होते: 'सुलतान. पिशीन, एप्रिल १८८०. शेवटपर्यंत इमानी.' समोरच्या भिंतीवर सुलतानचे तैलचित्र. मूळ चित्र आमच्या रिसाल्याच्या मेसमध्ये आहे, माझ्याकडची त्याची नक्कल. सुलतान पंचकल्याणी होता: अंग काळेभोर, चारी पाय गुडघ्यापर्यंत पांढरे आणि कपाळावर पांढरा पट्टा. गेल्या मार्चमध्ये मिसेस प्यूचा हात भाजला होता म्हणून चांदी पुसायला प्रीस घरात आला. झाकण पुसता पुसता तो एकदा चित्राकडे बघे, एकदा दौतीकडे.

"साहेब, एक विचारू का? रागावणार नसाल तर."

"विचार."

"हे खूर या चित्रातल्या घोड्याचंच ना?"

"झाकणावर लिहिलंय ते वाचता येत नाही का तुला?"

"येतं की. पण याचे चारी पाय पांढरे. पांढऱ्या पायाचं खूर पिवळट असतंय, शिंगावानी. हे तर काळं कुळकुळीत आहे. चित्रकार चुकला असंल, नाहीतर..."

"नाहीतर काय?"

"नाहीतर घोडा चुकला असंल."

एक्केचाळीस वर्षे त्या दौतीजवळ बसून सेनापतींनी पोर्ट प्यायली होती. ज्यांनी जन्मभर घोड्यांखेरीज दुसरे काही पाहिले नाही अशा माणसांनी ती हातात घेऊन उसासे टाकले होते. एकालाही हे दिसले नाही, कारण झाकणावरचा मजकूर सगळे वाचत आणि खुराकडे कोणी बघत नसे. दिसले ते या श्रॉपशरच्या मोतद्दाराला, ज्याने सैन्याचे तोंडही पाहिलेले नव्हते. मी त्याला सांगितले, संध्याकाळच्या आत चालता हो. त्याने फडके घडी करून ठेवले. दारात थांबून म्हणाला, "डंपलिंगच्या कोंड्यात मीठ घालायचं विसरू नका, साहेब. नाहीतर तो खात नाही." आणि गेला.

खुराबद्दल खरे बोलला म्हणून मी माणूस हाकलला, ही माझी दुसरी खेप होती. पहिल्या खेपेचा माणूस मला परत आणता आला नाही. दुसरा अर्ध्या मैलावर राहत होता. तरीही तिथवर जायला मला सतरा दिवस लागले.

दार त्याच्या बायकोने उघडले. "आलात का? या. तट्टू अडून बसलंय वाटतं." प्रीस चुलीजवळ बूट शिवत होता. तो उठून म्हणाला, "काही चुकीचं बोललो असेन तर माफी असावी."

"नाही. बरोबर बोललास. म्हणूनच हाकललं," मी म्हणालो.

नवराबायकोने एकमेकांकडे पाहिले. मग तिने मला चहा दिला आणि मी आयुष्यात पहिल्यांदा ती गोष्ट तोंडाने सांगितली. कॉन्स्टन्सलाही मी ती कधी सांगितली नव्हती. प्रीसने सगळे ऐकून घेतले आणि विचारले, "मग त्या माणसाच्या घरी कोणी गेलं का, साहेब? आज माझ्याकडं आलात तसं?"

हे मृत्युपत्र त्या प्रश्नामुळे लिहिले जात आहे.

कलम सहावे. या कलमात मी शपथेवर कबुली देतो.

आमचा थॉर्नहिलचा रिसाला शिलेदारांचा. म्हणजे सवार भरती होताना स्वतःचा घोडा घेऊन येई. घोडा त्याचा, सरकारचा नव्हे. प्रत्येक घोड्याच्या पुढच्या डाव्या खुरावर नालबंद तापल्या लोखंडाने नंबर उमटवी. मोहिमेत घोडा मेला तर ते खूर कापून आणायचे आणि दाखवायचे. खूर दाखवले की रिसाल्यातर्फे सवाराला दुसरा घोडा मिळे. खूर नसेल तर त्याने घोडा शत्रूला विकला असे धरले जाई आणि नाव कापले जाई. रिवाज कडक होता, पण त्यामागे कारण होते. चांगला घोडा डोंगरातल्या टोळीवाल्यांना विकून 'मेला' म्हणून सांगणारे लोक होते.

आठ सवार बरोबर घेऊन मी टपाल पोचवायला निघालो होतो. एका कोरड्या ओढ्यात आमच्यावर दोन्ही कडांवरून गोळ्या सुटल्या. पहिल्याच फैरीत सुलतान माझ्याखाली मेला. तो तिथेच पडला आणि तिथेच राहिला. त्या पंचकल्याणी घोड्याने त्या दिवशी एक पाऊलही जास्त टाकले नाही, बिचाऱ्याचा त्यात दोष नाही. मी दगडाआड पडलो होतो तेव्हा सवार उमराव खान, रोहतक जिल्ह्यातल्या कान्होरीचा, आपली घोडी घेऊन माझ्यापाशी आला आणि खाली उतरला. घोडी मुश्की होती, म्हणजे काळीभोर, अंगावर एक पांढरा केस नाही. नाव कोयल, नंबर एकशे सदतीस.

"चढा साहेब. छावणीत जाऊन मदत आणा."

"आणि तू?"

"मला पाय आहेत. घोडी माझी आहे, सरकारची नाही. माझ्या मर्जीनं देतोय." मी खोगिरावर बसलो तेव्हा त्याने लगाम माझ्या हातात दिला आणि म्हणाला, "फक्त एक करा. मेली तर खूर आणा."

मी "आणतो" म्हणालो.

चौदा मैल ती घोडी पोटात गोळी घेऊन धावली. छावणीच्या दरवाजाच्या अलीकडे शंभर पावलांवर बसली, ती उठली नाही. तिन्हीसांज झाली होती, तिचे चारी पाय धुळीने पांढरे झाले होते. आमचे कर्नल धावत आले, माझ्या तोंडाला ब्रँडी लावली आणि म्हणाले, "शाबास, थर्लो! आणि काय घोडा रे तुझा! सुलतानसारखा सुलतानच!"

मी काही बोललो नाही. खोटे त्या वेळी मी बोललो नव्हतो, फक्त गप्प बसलो होतो. सवाराला मरायला मागे ठेवून त्याच्याच घोडीवर बसून आलो, हे ब्रँडीच्या घोटाबरोबर सांगवेना. मदत गेली तिला ओढ्यात सात मेलेले सवार सापडले. टोळीवाल्यांनी लुटून नासधूस केल्यामुळे घोडे ओळखू येण्यासारखे राहिले नव्हते. उमराव खानही मेला असे सगळ्यांनी धरले, आणि देव मला क्षमा करो, मला हायसे वाटले. मेलेल्या माणसाची घोडी घेतली तर कोणाचे काय बिघडते? कर्नलनी माझ्या दौडीचा अहवाल लिहून पाठवला. नालबंद घसीटाने घोडीचे खूर कापून माझ्या हातात ठेवले होते. ते मी फ्लॅनेलच्या सदऱ्यात गुंडाळून पेटीत टाकले.

नवव्या दिवशी उमराव खान चालत आला.

पायांना पागोट्याच्या चिंध्या बांधलेल्या होत्या. पहारेकऱ्याने विचारले, "घोडी कुठं?" तो म्हणाला, "खूर थर्लोसाहेबांकडं आहे." चौकशी बसली. कर्नल न्यायी माणूस होते.

"थर्लो, हा म्हणतो, तू याच्या घोडीवर बसून आलास."

"नाही सर. मी सुलतानवर आलो. याच्या घोडीचं मला काही माहीत नाही."

उमराव खान ओरडला नाही, शपथा घेतल्या नाहीत. माझ्याकडे बघून तो कर्नलना म्हणाला, "हुजूर, साहेबांना ताप आहे. डोळे बघा त्यांचे. तापात माणसाला आठवत नाही. उद्या विचारा."

कर्नलनी चौकशी दुसऱ्या दिवसावर ढकलली. खरे सांगायला एक दिवस त्याने मला मिळवून दिला. दुसऱ्या दिवशी कर्नलनी विचारले आणि मी तेच उत्तर दिले, शब्दाला शब्द. पेटीत खूर होते. नालबंद घसीटा दहा पावलांवर घोड्याला नाल ठोकत बसला होता, त्याला कोणी विचारले नाही.

सबंध रिसाल्यासमोर उमराव खानचा कमरबंद सोडला आणि नाव कापले. तो चिंध्या बांधलेल्या पायांनी छावणीबाहेर निघाला. माझ्यापाशी आला तेव्हा त्याने सलाम केला आणि म्हणाला, "औषध घेत जा, साहेब."

हा टोमणा होता की काळजी, हे मला एक्केचाळीस वर्षे कळले नव्हते. मी टोमणा समजत आलो, कारण टोमणा सोसायला सोपा जातो.

पुढे मेसमधल्या मंडळींनी सुलतानच्या खुराची दौत करायचा आग्रह धरला तेव्हा मी घसीटाकडून कानस मागून घेतली आणि नंबर घासायला बसलो. तो म्हणाला, "नंबर खोल आहे, साहेब. कानशीनं जात नाही." तेवढेच बोलला. महिन्याभरात मी त्याला बढती दिली. वर शाई सांडत राहिली, नंबर काळ्यात काळा झाला आणि मी त्याच दौतीत टाक बुडवून बत्तीस वर्षे हुकूम लिहिले. त्यांत तेवीस हुकूम सवारांची नावे कापण्याचे आहेत, कारण त्यांना खूर दाखवता आले नव्हते. मला सवार मागे 'खूरवाले साहेब' म्हणत. त्या तेवीस जणांतले काही नक्की चोर होते, सगळे नसतील. दया दाखवली तर कोणी विचारेल की साहेब मऊ का झाले, एवढ्या भीतीने मी एकालाही सोडले नाही. त्यांची नावे मला पाठ आहेत, ती सोबतच्या कागदावर लिहिली आहेत.

कलम सातवे. माझा पुतण्या रूपर्ट गेल्या रविवारी जेवायला आला होता. येत्या वर्षी आमचा रिसाला दुसऱ्या एका रिसाल्यात मिळवून टाकणार आहेत. नव्या मेसच्या मुख्य टेबलावर ठेवायला त्याला खूर हवे होते. तो रिसाल्याचा इतिहासही लिहितो आहे आणि त्यात 'सुलतान' नावाचे प्रकरण पुरे झाले आहे. मटण वाढून होईपर्यंत मी त्याला वरची सगळी हकिगत सांगितली. त्याने सुरी खाली ठेवली.

"काका, तुम्हाला ताप आहे. पडा जरा. आपण उद्या बोलू."

मला इतके हसू लोटले की मिसेस प्यू स्वयंपाकघरातून धावत आली. हसता हसता डोळ्यांतून पाणी यायला लागले आणि मग ते हसण्याचे राहिले नाही.

"ताप कसला?" मिसेस प्यू म्हणाली. "पुडिंग दोनदा घेतलंय त्यांनी."

"काका, एक्केचाळीस वर्षं झाली," रूपर्ट म्हणाला. "तो माणूस केव्हाच मेला असेल. आता कोणाचं भलं होणार आहे यातून? मेसमधली मुलं त्या खुराला सलाम करून जेवायला बसणार आहेत."

"सलाम बरोबर खुराला करतील. झाकणावरचं नाव तेवढं खोटं आहे."

"आणि आपलं नाव? थर्लो नाव मलाही आहे."

हे त्याचे म्हणणे खरे आहे आणि त्याचे मला वाईट वाटते. पण जाताना तो दारात म्हणाला, की असे काही मृत्युपत्रात लिहिले तर म्हातारपणी तुमच्या डोक्यावर परिणाम झाला होता असे मी सांगेन. ताप पाहून घेण्याचा हट्ट आहे तो यासाठी. हे एक कारण झाले. दुसरे पुढच्या कलमात आहे.

कलम आठवे. प्रीसच्या घरून आलो त्या आठवड्यात मी निवृत्त रिसालदार-मेजर मोहब्बत अली यांना रोहतकला पत्र घातले आणि उमराव खानचा ठावठिकाणा विचारला. सप्टेंबरात उत्तर आले, ते त्याच्या नातवाचे, सरफराज खानचे. उर्दू मी अजून वाचतो. त्यातला मजकूर इथे उतरवतो, म्हणजे कोणाला फाडून टाकता येणार नाही.

"आजोबा १९०३ साली वारले. गावात आमच्या घराला बिनखुऱ्यांचं घर म्हणतात. सोयरीक जुळवायला बसलं की हे निघतंच. माझे वडील तीन रिसाल्यांच्या दारातून परत आले. १९१४ साली लढाई लागली तेव्हा मला खेचरं हाकायला घेतलं, घोड्यावर कोणी बसवलं नाही. पण आजोबांनी तुमच्याविषयी घरात कधी वाईट बोलू दिलं नाही. म्हणायचे, साहेबांना त्या दिवशी ताप होता, उतरला की आठवेल. दर वर्षी एप्रिलात पोस्टात जाऊन विचारायचे, रिसाल्याकडून काही आलंय का. शेवटच्या दुखण्यातही विचारलं. आजीला ते नेहमी सांगायचे की नवा साहेब आहे, पोरच आहे, औषध घेत नसेल. म्हणून आपल्याला विचारतो, रागावू नये. साहेबांचा ताप उतरला का?"

माझा विचार असा होता की खूर आणि कबुली माझ्या मृत्यूनंतर कान्होरीला पाठवावी. तसे कलम लिहूनही झाले होते. बोडनहॅमनी ते वाचले आणि वकिली आवाजात म्हणाले, "जनरल, जी वस्तू आपली नाही ती मृत्युपत्रानं देता येत नाही." त्यांना फक्त कायदा सांगायचा होता. मी ते कलम त्यांच्यादेखत फाडले. तोवर मला वाटत होते की मी धीट होत चाललो आहे. मेल्यावर बोलायचे म्हणजे गोळीच्या टप्प्याबाहेर गेल्यावर निशाण दाखवायचे. पिशीनच्या ओढ्यातून मी निघून गेलो होतो, तसाच इथूनही निघून जाणार होतो.

सबब खुराची वाटणी या मृत्युपत्रात केलेली नाही. काल मिसेस प्यूने ते सोड्याच्या पाण्याने तीन वेळा धुतले. शाई गेली आणि नंबर वर आला. घसीटा खरे सांगत होता. आज सह्या होताच प्रीस ते घेऊन पोस्टात जाईल आणि सरफराज खानच्या नावाने रवाना करील. सोबत या कबुलीची नक्कल जाईल. दुसरी नक्कल रिसाल्याच्या कमांडरला, उमराव खानचे नाव हजेरीपटावर पुन्हा चढवावे या विनंतीसह, आणि तिसरी रूपर्टच्या प्रकाशकाला. तेवीस नावांची यादीही कमांडरलाच जाईल. त्यांच्या बाबतीत पुन्हा चौकशी व्हावी, इतकेच मला मागता येते.

चांदीचे झाकण मात्र माझ्या मालकीचे आहे, ते मी रूपर्टला देतो. सुलतानविषयीचा मजकूर त्यावरच आहे.

खूर दाखवले की शिलेदाराला दुसरा घोडा मिळतो, असा आमचा रिवाज आहे. खूर हजर झाले आहे. सबब मोहब्बत अलींना मी लिहिले आहे की, हिसारच्या जत्रेतून एक मुश्की घोडी, चार वर्षांची, निवडून कान्होरीला त्या घराच्या दाराशी नेऊन बांधावी. ही बक्षिशी नव्हे, म्हणून तिच्याबरोबर आभाराचे किंवा दयेचे एक अक्षरही जाऊ नये. ती घोडी एक्केचाळीस वर्षांपूर्वीच द्यायची होती.

सरफराज खानला मी स्वतःच्या हाताने उर्दूत उत्तर लिहिले आहे. ताप उतरला, असे लिहिणे सोपे होते, आणि त्या घराने इतकी वर्षे जपलेले ते एक चांगले मत तसेच राहिले असते. दोन वेळा तसे लिहून मी कागद चुलीत टाकला. शेवटी लिहिले ते असे: 'तुमच्या आजोबांनी माझ्यासाठी जो ताप शोधून काढला तो मला नव्हता. त्या दिवशी नव्हता, दुसऱ्या दिवशीही नव्हता. मला सगळे आठवत होते. ते खरे बोलत होते आणि मी खोटे.' हे वाचून तो मला शिव्या देईल. द्याव्यात. त्याच्या आजोबांनी दिल्या नाहीत, म्हणून त्या शिल्लक आहेत.

वरील सर्व मजकूर मी वाचून पाहिला, तो माझा आहे. खाडाखोड दोन ठिकाणी आहे, तीही माझीच. सही साध्या काचेच्या दौतीतल्या शाईने करीत आहे.

लायोनेल ऑगस्टस थर्लो

लडलो, सोमवार, तारीख १४ नोव्हेंबर १९२१

साक्षीदार पहिला: थॉमस हॉचकिस, खोगीर करणारा, कॉर्व्ह स्ट्रीट. जनरलसाहेबांनी माझ्यासमोर सही केली. खूर मी हातात घेऊन पाहिले. पुढच्या डाव्या पायाचे, काळे, नंबर १३७ स्पष्ट वाचता येतो. ते माझ्यासमोर बांधले आणि इव्हान प्रीस घेऊन गेला.

साक्षीदार दुसरा: आल्फ्रेड मेरिक, डॉक्टर. सही होण्यापूर्वी तपासले. नाडी जरा जलद.  ताप मोजायची नळी दोन वेळा लावून पाहिली, पाच मिनिटांच्या अंतराने, त्यांनी सांगितले म्हणून. दोन्ही वेळा अठ्ठ्याण्णव पूर्णांक चार. यांना ताप नाही.